कॅमेऱ्याकडे पाठ

माझं काम पुसण्याचं होतं. वेलिंग्टनच्या विमानतळाजवळ, सिनेमातली दृश्यं कॉम्प्युटरवर दुरुस्त करणाऱ्या एका कंपनीत मी नोकरीला होते. दोन हजार सालानंतरची ती वर्षं. ढाल-तलवारींचे, राजांचे आणि राक्षसांचे मोठमोठे सिनेमे तेव्हा न्यूझीलंडमध्ये बनत होते आणि आमच्यासारख्या पुण्याहून आलेल्या कॉम्प्युटरवाल्यांनाही त्यात काम मिळत होतं. नट दोरीला टांगून उडवलेला असायचा, ती दोरी मी पुसायची. हजार वर्षांपूर्वीच्या सैनिकाच्या मनगटावर घड्याळ राहून गेलेलं असायचं, ते पुसायचं. वरून जाणारं विमान पुसायचं. ते तर रोजचंच, विमानतळ शेजारी. शेजारचं गवत, ढग, भिंत उचलून त्या जागी अशी भरायची की तिथे कधी काही नव्हतंच असं वाटलं पाहिजे.

बाबा पुण्यात अभिमानाने सांगायचे, मुलगी सिनेमात आहे. लोक विचारायचे, काय करते? बाबा जरा थांबून म्हणायचे, पुसते. पुढे त्यांना विषय बदलावा लागायचा.

आई गेल्यावर मी बाबांना सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आणलं. आम्ही राहायचो पोरिरुआला, टेकडीवरच्या एका लाकडी घरात. नवरा वेलिंग्टनला एका बँकेत कॉम्प्युटर सांभाळायचा, मी माझं पुसत बसायची, आणि बाबा दिवसभर एकटे. पोस्टातून रिटायर झालेला, रोज संध्याकाळी पारावर तासभर गप्पा मारल्याशिवाय जेवण न जाणारा माणूस. इथल्या रस्त्यावर दुपारी चिटपाखरू नसायचं. आठवडाभरातच ते म्हणाले, "इथं सगळं चांगलं आहे. फक्त माणसं तेवढी ठेवायची राहिली."

मग एक दिवस दक्षिणेकडचा वारा सुटला आणि बाबांचा दोरीवरचा लेंगा उडून शेजारच्या अंगणात गेला. तिथे एक म्हातारे राहायचे. काळे, अतिशय उंच, खांदे अजून भरलेले, सत्तरी कधीच ओलांडलेली. येता-जाता आमचं 'किआ ओरा' या माओरी नमस्कारापुरतं बोलणं व्हायचं, एवढंच. त्यांनी लेंगा उचलला, नीट घडी घातली आणि मधल्या बुटक्या कुंपणावरून पलीकडे आले. कसे आले ते बाबांनी पाहिलं. पुढचा पाय ताठ पुढे, मागचा गुडघा बाजूने वळवून वर, डोकं जागचं हललं नाही. वयाच्या मानाने सावकाश, पण एकही हालचाल फुकट नाही. बाबा तरुणपणी तालमीत गेलेले. संध्याकाळी मी घरी आले तर दारातच म्हणाले, "शेजारी पैलवान राहतो. तू सांगितलं नाहीस."

पैलवान नव्हते, अडथळ्यांच्या शर्यतीत धावायचे. पण बाबांच्या लेखी अंग कमावलेला प्रत्येक माणूस पैलवान. त्यांनी त्या शब्दाचा अर्थ आपल्या मोडक्या इंग्रजीत समजावला, म्हाताऱ्यांना तो आवडला आणि मग ते आमचे पैलवानकाका झाले.

गणपतीला आमच्या मराठी मंडळींच्या मेळाव्यात एका बाईंनी मला कोपऱ्यात घेऊन सांगितलं, बाबांना एकटं ठेवत जाऊ नका हो, शेजार कसला आहे तो. मी म्हटलं, शेजार माझ्याच रंगाचा आहे. मी काही सोशीक बाई नाही. लग्न ठरवायच्या वेळी 'मुलगी सावळी आहे, पण नाकीडोळी नीटस' हे वाक्य इतक्यांदा ऐकलं होतं, की त्या 'पण'चा माझ्या डोक्यात दगड झाला होता. कुणी नुसतं त्या दिशेला गेलं की तो माझ्या हातात यायचा.

दोघं म्हातारे रोज सकाळी खाडीच्या कडेने फिरायला जायला लागले. बाबा कानटोपी, मफलर आणि पायात मोजे घालून त्यावर जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला. पैलवानकाका हाफ पँटवर. परतताना कोपऱ्यावरच्या डेअरीतून, म्हणजे इथल्या वाणसामानाच्या दुकानातून, बाबा दूध घ्यायचे आणि काका वर्तमानपत्र. न्यूझीलंडमध्ये माणसं माणसाला काही विचारत नाहीत. हवामान, रग्बी, बाग, संपलं. पैलवानकाका तीसेक वर्षं त्या गावात होते, तिथल्या मोटारींच्या कारखान्यात राबले होते, एका माओरी बाईशी संसार करून तिला शेवटचं पोहोचवून बसले होते, आणि तरी त्यांना कुणी काही विचारलं नव्हतं. बाबांनी पहिल्याच आठवड्यात विचारलं: किती मुलं? कुठे असतात? येत का नाहीत?

मुलगी एक, पहिल्या बायकोची. अमेरिकेत. येत नाही. हे सगळं बाबांनी मला जेवताना सांगितलं. नवरा म्हणाला, असं विचारू नये इथे. बाबा म्हणाले, "विचारलं म्हणून बोलला ना? रडला पण. बरं वाटलं त्याला."

पुढे काका आमच्याकडे चहाला यायला लागले आणि राहिलेलं मी त्यांच्याच तोंडून ऐकलं. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या एका लहान गावात त्यांचा जन्म. आपल्या कॉलेजच्या धावण्याच्या संघात घेतलेला पहिला काळा मुलगा ते. स्पर्धेसाठी बाहेरगावी गेले की संघ हॉटेलात झोपायचा आणि हे बसमध्ये. जिंकले की फोटोत यांना अगदी कडेला उभं करायचे, म्हणजे छापताना तेवढी कड कापून टाकता यायची. हे सांगताना ते चिडायचे नाहीत. मी चिडायची आणि चहा सांडायची.

धावण्याचे दिवस संपत आले तेव्हा मैदानावर सिनेमावाले आले. जंगलांचे, जुन्या रोमचे सिनेमे तेव्हा जोरात होते. त्यांना उंच, कमावलेल्या अंगाची काळी माणसं हवी होती. भाले धरायला, पालख्या उचलायला, गोऱ्या नायकाच्या हातून सुरुवातीलाच मरायला. म्हणाले, पुढे तुला संवादही देऊ. घरी बायको होती, सहा वर्षांची मुलगी होती. काका मुलीला म्हणाले, पडद्यावर माझं तोंड दिसेल तेव्हा मी तुम्हाला न्यायला येईन. आणि कॅलिफोर्नियाची बस पकडली.

तिथे गेल्यावर जुन्या एक्स्ट्रा लोकांनी त्यांना धंद्याची पहिली गोष्ट शिकवली. चेहरा खर्च करायचा नाही. एकदा का एखाद्या दृश्यात तुझा चेहरा स्पष्ट दिसला, की दिग्दर्शक म्हणतो, हा माणूस लोकांनी पाहिला, आता दुसऱ्या दृश्यात चालणार नाही. मग तुझं त्या सिनेमातलं काम त्या दिवशी संपलं. पण कॅमेरा फिरला की तू पाठ केलीस, मान खाली घातलीस, ढाल तोंडासमोर धरलीस, तर आज पहारेकरी, उद्या गुलाम, परवा नावाडी. घरी पाठवायला मजुरी हवी, तर तोंड लपवलं पाहिजे. काकांना हे लवकर जमलं. कॅमेरा कुठे आहे हे न बघता त्यांना पाठीला कळायचं, असं ते म्हणायचे.

बाबा म्हणाले, "म्हणजे झाकली मूठ सव्वा लाखाची." मी त्याचं इंग्रजी करून सांगितलं. काका हसले, बराच वेळ हसले, आणि मग म्हणाले, "पण ती मूठ मी कधी उघडलीच नाही."

संवाद काही मिळाले नाहीत. सिनेमांमागून सिनेमे झाले. ते घरी पैसे पाठवत राहिले, आणि पडद्यावर तोंड दिसल्याशिवाय कुठल्या तोंडाने घरी जायचं म्हणून गेले नाहीत. पुढे समुद्रावरच्या एका सिनेमासाठी कंपनीबरोबर न्यूझीलंडला आले, तो सिनेमा अर्ध्यात बंद पडला, बाकीचे परत गेले आणि हे राहिले. इथे आल्यावर काही काळाने पहिली बायको गेल्याचं कळलं. त्यांनी मुलीला फोन केला. ती तोवर मोठी बाई झाली होती. ती म्हणाली, "मी तुमचा प्रत्येक सिनेमा पाहिला. तुम्ही एकाही सिनेमात नाही. आई खोटं सांगायची."

एवढंच बोलली आणि तिने फोन ठेवला. पुढे नाताळला त्यांचा फोन व्हायचा, तब्येत कशी, हवा कशी. ते वाक्य दोघांपैकी कुणीही पुन्हा काढलं नाही. पण काका त्या एका वाक्यात अडकून बसले होते. मुलीला वाटतं मी तिला टाकून दुसरीकडेच कुठे तरी गेलो, सिनेमाबिनेमा सगळी थाप होती. बाबा म्हणाले, विमानात बसा आणि जाऊन या, सांगा तिला समोर बसून. तोवर उशीर झाला होता. हृदयाचं दुखणं होतं, इतका लांबचा प्रवास करायचा नाही असं डॉक्टरांनी बजावलं होतं. काका असंही म्हणाले, "गेलो तरी दाखवू काय?"

त्यांच्याकडे त्या जुन्या सिनेमांच्या कॅसेटी होत्या. एका रविवारी आम्ही तिघांनी त्यांच्या घरी बसून त्या पाहिल्या. काका बोट दाखवायचे: तो मी. देवळाच्या पायरीवर एक पाठ. होडीत वल्हं मारणारी पाठ. राजाच्या मागे ढालीआड कुणीतरी. नदीत पालथं पडलेलं एक प्रेत. बाबा प्रत्येक वेळी 'वा' म्हणत होते. माणसं पडद्यावरून कशी घालवायची याचा पगार घेणारी मी, आणि इथे एक माणूस स्वतःच्या हाताने, आयुष्यभर, स्वतःला पुसत आला होता. तेही पोरीला खायला मिळावं म्हणून. मला फार वाईट वाटलं. मी स्वयंपाकघरात जाऊन उगाच कप विसळत बसले.

त्याच सुमाराला आमच्या कंपनीकडे एक नवा सिनेमा आला. जुन्या काळातल्या एका बंदराची गोष्ट होती. वेलिंग्टनच्या बाहेर एका खाणीत अख्खं बंदर उभारलं होतं. बाजाराच्या दृश्यासाठी म्हातारी माणसं हवी होती, सगळ्या रंगांची. काकांनी मला विचारलंही नाही. वर्तमानपत्रात वाचून ते स्वतः गेले आणि त्यांना घेतलं. बाबा म्हणाले, मलाही घ्या म्हणावं. मी म्हटलं, तुमच्या व्हिसावर काम करता येत नाही, गप्प बसा. ते दोन दिवस माझ्याशी तुटक वागले.

शूटिंगहून काका परतले तेव्हा आम्ही तिघंही जेवत होतो. दारातच उभे राहून म्हणाले, "आज खर्च केला."

काय झालं ते त्यांनी सांगितलं. गर्दीतून राजाचा घोडा जातो. सगळ्यांनी घोड्याकडे बघायचं. कॅमेरा घोड्याच्या मागून सरकत येत होता. काकांच्या समोर आला तेव्हा त्यांनी मान वर केली आणि सरळ भिंगात पाहिलं. कॅमेरा पुढे जाईपर्यंत पाहत राहिले, आणि मग जुन्या सवयीने वळून चालू लागले. कुणी काही बोललं नाही. त्यांना वाटलं, जमलं.

बाबांनी टाळ्या वाजवल्या. मी हातातला घास ताटात ठेवला. काका आयुष्यभर कॅमेऱ्याकडे पाठ करून उभे राहिलेले, त्यांना समोरचं काही शिकायची वेळच आली नव्हती. कॅमेऱ्यासमोर तोंड करायचं असतं, पण भिंगात बघायचं नसतं. गर्दीतला कुणी भिंगात पाहतो तेव्हा सिनेमा पाहणाऱ्याला एकदम वाटतं, हा माझ्याकडे बघतोय, आणि सगळं नाटक मोडतं. अशी माणसं आमच्याकडे दर महिन्याला यायची. आम्ही त्यांच्या जागी भिंत भरायचो.

बाबांचे सहा महिने संपले आणि ते पुण्याला परत गेले. निघताना दोघं म्हातारे कुंपणाशी बराच वेळ उभे होते. बाबांनी त्यांना आपली कानटोपी दिली.

काही महिन्यांनी ते दृश्य आमच्या विभागात आलं. माझ्या शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या मुलीच्या पडद्यावर मला काका दिसले. घोडा पुढे जातो आणि धुळीतून एक काळा, सुरकुतलेला, मोठा चेहरा वर येतो आणि सरळ माझ्याकडे बघतो. खाली सूचना होती: गर्दीतला म्हातारा भिंगात पाहतो आहे, काढून टाका. ती कामाला लागणारच होती. मी तिला म्हटलं, हे मला दे. तिने खांदे उडवले; तिला काय, एक काम कमी.

मी साहेबांकडे गेले. वाद घालायच्या तयारीनेच गेले होते, पण माणूस भला होता. मी म्हटलं, हा माणूस काढायची गरज नाही, मी फक्त त्याची नजर बदलते. बुबुळं केसभर डावीकडे सरकवली की तो भिंगाच्या शेजारून, जहाजांकडे बघतोय असं वाटेल. कुणाला खटकणार नाही. साहेब म्हणाले, स्वीट अॅज, म्हणजे चालेल, पण शुक्रवारपर्यंत दे.

तो आठवडा मी त्या चेहऱ्यात राहिले. एक-एक चित्र मोठं करून त्या डोळ्यांतली बुबुळं उचलायची, जरा सरकवायची, मागे राहिलेली पांढरी जागा भरायची. कपाळावरच्या आठ्या, डाव्या भुवईतला जुना व्रण, थरथरणारा खालचा ओठ. आपल्या बापाचा चेहरासुद्धा माणूस इतका वेळ बघत नाही. शुक्रवारी साहेबांनी दृश्य पाहिलं आणि मान डोलावली. सिनेमा लागेपर्यंत बाहेर एक अक्षर बोलायचं नाही, असं आमच्याकडून सही करून घेतलेलं असायचं. मी त्याच संध्याकाळी कुंपण ओलांडून गेले आणि काकांना सांगितलं, तुम्ही आहात. चेहरा दिसतो. अगदी स्पष्ट.

ते पायरीवर बसले. माझा हात धरून बसून राहिले.

नंतर त्यांनी मुलीला फोन केला. नाताळ नसताना केलेला बहुधा तो पहिलाच. तिला म्हणाले, डिसेंबरात इकडे ये, तुला एक सिनेमा दाखवायचाय. ती आधी म्हणाली, तिकडे लागला की मी बघेन. ते म्हणाले, नाही, माझ्या शेजारी बसून बघ. ती कधी देशाबाहेर पडली नव्हती, पासपोर्टही नव्हता. काढते म्हणाली. त्या दिवसापासून काकांच्या चालण्यात फरक पडला. ते डेअरीतल्या माणसालासुद्धा सांगायला लागले, माझी मुलगी येणार आहे.

हिवाळ्यात, म्हणजे इथल्या जुलैत, एका सकाळी, त्यांच्या घराचे पडदे उघडले नाहीत. झोपेतच गेले होते. त्यांच्या गेलेल्या बायकोकडची माणसं आली आणि त्यांना आपल्या मराएवर, म्हणजे त्यांच्या कुळाच्या सभाघरात, घेऊन गेली. माओरी लोकांची ही रीत मला फार जवळची वाटली. मृताला दिवसरात्र एकटं सोडत नाहीत. पेटी उघडी ठेवतात, जो येतो तो तोंड बघतो, गालाला हात लावतो, त्याच्याशी बोलतो. लहान पोरंसुद्धा. सगळ्या गावाने त्यांचा चेहरा पाहिला. मुलीला पासपोर्ट वेळेत मिळाला नाही. मी पुण्याला बाबांना फोन केला. त्यांनी विचारलं, "पोरीनं पाहिलं का?" मी नाही म्हटल्यावर त्यांनी फोन शेजारी बसलेल्या माझ्या काकूकडे दिला.

ती डिसेंबरात आली. घर आवरायचं होतं, आणि तिने शब्द दिला होता म्हणूनही. मी तिला विमानतळावर घ्यायला गेले. बापाएवढीच उंच, केस पिकलेले, शाळेत शिकवायची. फार बोलत नव्हती. काकांच्या घरात गेल्यावर तिने सगळ्या खोल्या पाहिल्या, भिंतीवरचे फोटो पाहिले, कपाटातल्या शर्टांना हात लावला. मला वाटलं, आत्ता काही सांगायला नको, पडद्यावरच बघू दे. मी मनातून अधीर झाले होते. निदान एवढं तरी मी त्यांच्यासाठी केलं होतं. आता ती बघेल, आणि तिच्या लेखी थाप मारणाऱ्या बापाचा हिशेब चुकता होईल.

पोरिरुआच्या मॉलमधल्या थिएटरात आम्ही दोघी दुपारच्या खेळाला बसलो. बंदर आलं. बाजार आला. मी तिच्या कानाशी म्हटलं, आता. घोडा गेला, धूळ उडाली, आणि धुळीतून एक म्हातारा, वळून चालू लागलेला. पाठ. मोजून एक क्षण. पुढच्या क्षणाला जहाज.

आमच्याकडून काम गेल्यावर कुणीतरी दृश्य आखूड केलं होतं. राजाने लवकर बंदरावर पोहोचावं म्हणून असेल. सिनेमात असं रोज होतं, त्यात कुणाचा द्वेष नसतो. नेमका चेहऱ्याचा तुकडा गेला होता आणि वळल्यानंतरचा राहिला होता. मला ओरडावंसं वाटलं. उरलेल्या सिनेमात काय झालं ते मला आजही सांगता येणार नाही.

बाहेर, गाड्या लावतात तिथे, भर उन्हात मी रडायला लागले. तिला सगळं सांगितलं. कॅमेऱ्याकडे पाठ का करायचे, भिंगात का पाहिलं, मी काय केलं, आणि आता हे. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "पण मला दिसले ते."

मी म्हटलं, नुसती पाठ दिसली.

"पाठच," ती म्हणाली. "मी सहा वर्षांची होते. डॅडी बॅग घेऊन बसच्या थांब्याकडे चालत गेले आणि मी फाटकात उभी होते. त्यांचा चेहरा माझ्या लक्षातच राहिला नाही, राहिली ती पाठ. डावा खांदा थोडा खाली. आमच्या गावातल्या थिएटरात काळ्या लोकांना वरच्या माळ्यावर बसवायचे. तिथून मी त्यांना प्रत्येक सिनेमात ओळखलं. एकही चुकला नाही."

मला काही कळेना. माझा आवाज चढला असावा, कारण पलीकडच्या गाडीतल्या बाईने वळून पाहिलं. मी विचारलं, मग फोनवर तुम्ही त्यांना तसं का म्हणालात? एकाही सिनेमात नाही म्हणून?

तिने गाडीच्या टपावर हात ठेवला. टप तापलेला होता, तिने हात उचलला नाही.

"आई गेली होती. मला ते घरी यायला हवे होते. मला वाटलं, दिसलात म्हटलं तर ते म्हणतील, झालं, पाहिलंस ना. दिसलाच नाहीत म्हटलं, तर तोंड दाखवायला तरी येतील."

थोड्या वेळाने तिने विचारलं, "तू ते डोळे सरकवलेस म्हणालीस. म्हणजे चेहरा तू नीट पाहिला असशील."

मी हो म्हटलं.

"मग सांग मला. घरातल्या फोटोंमध्ये ते दुसऱ्या कुणाकडे तरी बघतात."

मी तिला सांगितलं. कपाळ कसं होतं, आठ्या कुठून कुठे जायच्या, भुवईतला व्रण, धुळीने पांढऱ्या झालेल्या पापण्या, खालचा ओठ थरथरत होता पण तोंड घट्ट मिटलेलं होतं. मी सावकाश सांगत गेले आणि ती डोळे मिटून ऐकत राहिली. सगळं सांगून झाल्यावर तिने विचारलं, तू डोळे सरकवायच्या आधी ते कुणाकडे बघत होते?

मी म्हटलं, "तुमच्याकडे."

तिने मान डोलावली. मग आम्ही गाडीत बसलो, आणि बराच वेळ मी किल्ली फिरवलीच नाही.